नाताळच्या पंगतीला फळांचा क्रम्बल पाय: पहिल्यांदा करणाऱ्यांसाठी

डिसेंबरच्या शेवटच्या आठवड्यात आमच्या मंगळवार पेठेतल्या घरी पंधरा-सोळा माणसं जमतात. पुण्या-मुंबईची भावंडं, त्यांची मुलं आणि शेजारचं एक ख्रिस्ती कुटुंब. कोल्हापुरात नाताळ काही कालपरवाचा नाही. अमेरिकन मिशनरी रॉयल वाइल्डर १८५२ साली इथं आले, त्यांच्या नावाचं वाइल्डर मेमोरियल चर्च आजही शहरात आहे. आमच्या घरी नाताळ आला तो शेजारामुळं, आणि आता तो आमचाही झाला आहे.

त्या दिवशीचं जेवण ठरलेलं असतं. तांबडा, पांढरा, सुकं, भाकरी आणि भात. प्रश्न असायचा गोडाचा. रश्श्यावर जड गोड जात नाही, बासुंदीची वाटी अर्धी तशीच राहते. आंबटगोड, गरम मसाल्याचा वास असलेलं, कुरकुरीत काहीतरी हवं होतं. म्हणून पाच वर्षांपूर्वी मी सफरचंद आणि स्ट्रॉबेरीचा क्रम्बल पाय केला आणि तो पार बिघडला. पारी ओल्या पापडासारखी झाली, सुरी घातल्याबरोबर आतला रस ताटभर पसरला. मला फार वाईट वाटलं, कारण दोन दिवस मी त्याच्यामागं होते. आत्यानं एक घास खाल्ला आणि विचारलं, "फळाचं पाणी काढलं नव्हतंस व्हय? डाळीचं येळवणी काढल्याबिगर पुरण वाटतीस काय गं कधी?"

तिच्या त्या एका प्रश्नात पायचं सगळं शास्त्र आहे. आत्यानं आयुष्यात ओव्हन वापरलेला नाही, पण तिला दोष बरोबर दिसला. पाय म्हणजे पाण्याचा हिशोब. पिठात किती पाणी, लोण्यात किती, फळात किती आणि ते कुठून बाहेर काढायचं, एवढं सांभाळलं तर पहिल्याच प्रयत्नात चांगला पाय होतो. पुढची प्रत्येक पायरी मी त्याच अंगानं सांगणार आहे.

हा पदार्थ आहे तरी काय

एक मोठी, उघडी, ताटलीएवढी करंजी डोळ्यांसमोर आणा. खाली पारी, आत सारण. नेहमीच्या पायवर पारीचंच झाकण असतं. क्रम्बल पायवर झाकणाऐवजी लोणी, पीठ आणि गूळ-साखरेचा भुरभुरीत चुरा पसरतात. जर्मन लोक अशा चुऱ्याला श्ट्रॉयझेल म्हणतात, म्हणजे भुरभुरवलेलं. ब्रिटनमध्ये दुसऱ्या महायुद्धाच्या काळात लोणी आणि साखर रेशनवर मिळत होती, तेव्हा खालची पारी गाळून नुसत्या फळांवर चुरा घालून भाजायची पद्धत घरोघरी रुळली. त्या नुसत्या क्रम्बलला पारी लागत नाही. ज्यांना पारीची धास्ती वाटते त्यांनी पहिल्या वर्षी तेवढंच करावं, त्यात काहीही कमीपणा नाही.

यात अंडं नाही. मार्गशीर्षातला गुरुवार मध्येच आला तरी घरातल्या कुणाला अडचण येत नाही.

काय काय लागेल

नऊ इंची, म्हणजे २३ सेंटिमीटरचा टिन धरून प्रमाण देते. यात आठ ते दहा तुकडे होतात. वाटीच्या मापावर जाऊ नका, प्रत्येक घरची वाटी वेगळी असते. स्वयंपाकघरातला छोटा वजनकाटा घ्या.

पारीसाठी मैदा १७५ ग्रॅम, थंडगार बटर ११० ग्रॅम, एक लहान चमचा साखर आणि बर्फाचं पाणी तीन ते चार मोठे चमचे. बटर मिठाचं असेल तर वेगळं मीठ नको, बिनमिठाचं असेल तर पाव चमचा घाला.

सारणासाठी सफरचंदं एक किलो, स्ट्रॉबेरी २५० ग्रॅम, साखर ८० ग्रॅम, एका लिंबाचा रस, कॉर्नफ्लोअर तीन सपाट मोठे चमचे, दालचिनीची पूड अर्धा चमचा, थोडं किसलेलं जायफळ, चिमूटभर मीठ आणि एक चमचा बटर. कॉर्नफ्लोअर म्हणजे पांढरं, बोटांत करकरणारं. मक्याचं पिवळं पीठ आणलंत तर रस घट्ट होणार नाही. वेलची मी घालत नाही. ती पडली की जीभ शिऱ्याकडं वळते आणि सफरचंद मागं राहतं.

चुऱ्यासाठी मैदा १०० ग्रॅम, लाडवासाठी दळतो तसं जाडसर गव्हाचं पीठ किंवा ओट्स ४० ग्रॅम, गूळ ७५ ग्रॅम, थंड बटर ७५ ग्रॅम, भरड चिरलेले काजू ४० ग्रॅम. आपल्याच जिल्ह्यात आजरा-चंदगडकडं काजू पिकतो. तुकडा काजू आणला तरी चालतो, तसाही तो चिरायचाच आहे.

टिन अ‍ॅल्युमिनियमचा घ्या, तळ सुटा असेल तर उत्तम. काचेचं भांडं दिसायला छान, पण उशिरा तापतं आणि खालची पारी कच्ची राहायची भीती असते. टिन नसेल तर दीड इंच उभ्या काठाचं जर्मनचं ताट चालतं. आधी ते ओव्हनमध्ये मावतं का बघून घ्या.

फळं निवडताना

डिसेंबरात कपिलतीर्थ मंडईत किंवा लक्ष्मीपुरीत काश्मीर-हिमाचलची सफरचंदं भरपूर असतात. लाल डिलिशस खायला गोड, पण भाजल्यावर लवकर लगदा होतो आणि आंबटपणा नसल्यानं चव सपाट लागते. पिवळी गोल्डन मिळाली तर तीच घ्या, भाजल्यावर फोड फोड राहते. मी अर्धी गोल्डन, अर्धी हिरवी आंबट घेते. हिरवी बहुतेक बाहेरदेशची असतात आणि महाग पडतात, म्हणून दोनच. नुसती लालच मिळाली तर लिंबू दीड करा आणि फोडी थोड्या जाड ठेवा. हातात घेतल्यावर जड लागणारं, दाबल्यावर न दबणारं सफरचंद हवं.

स्ट्रॉबेरी महाबळेश्वर-वाईकडून येते. महाबळेश्वर स्ट्रॉबेरीला २०१० साली भौगोलिक मानांकन मिळालं आहे. नाताळाच्या सुमारास हंगाम सुरू झालेला असतो. खोक्याच्या वरचा थर नेहमी देखणा असतो, म्हणून खोका उलटा करून खालची फळं बघा. खाली ओल आली असेल तर सोडून द्या. पायमध्ये आकाराला महत्त्व नाही, लहान आणि गर्द लाल फळ जास्त चवीचं निघतं.

स्ट्रॉबेरी जास्त घालायचा मोह होतो, पण तिच्यात सुमारे ९१ टक्के पाणी असतं. सफरचंदातही ८५ टक्क्यांच्या आसपास असतंच, पण सफरचंद ते धरून ठेवतं, स्ट्रॉबेरी लगेच सोडते. एकास चार यापेक्षा जास्त प्रमाण नको.

पारी: हात गार, मन निवांत

इथं सावकाश वाचा. नवख्यांचा पाय बहुतेक इथंच बिघडतो.

शंकरपाळीला आपण मोहन गरम करून घालतो, कारण प्रत्येक कणाला तूप लागून ती खुसखुशीत व्हावी असं वाटतं. पायच्या पारीला उलट हवं असतं. लोण्याचे छोटे तुकडे पिठात अखंड राहिले पाहिजेत. लाटताना ते चपटे होतात, आणि ओव्हनमध्ये गेल्यावर लोणी वितळून त्यातल्या पाण्याची वाफ होते. बटरमध्ये साधारण १६ टक्के पाणी असतं. ती वाफ पिठाचे पापुद्रे एकमेकांपासून उचलते. चिरोट्यात आपण साटा लावून जे मिळवतो, तेच इथं गार लोणी करतं. तुपात पाणी नसतं, म्हणून तुपाची पारी नानकटाईसारखी भुसभुशीत होते, तिला पापुद्रे सुटत नाहीत. घरच्या लोण्यात पाण्याचा अंदाज लागत नाही. पहिल्या खेपेला बटरच बरं.

बटरचे हरभऱ्याच्या घाट्याएवढे तुकडे करून अर्धा तास फ्रीजमध्ये ठेवा. मैदाही त्याच वेळी भांड्यासकट आत ठेवा. मग मैद्यात साखर मिसळा, बटर घाला आणि फक्त बोटांच्या टोकांनी एकेक तुकडा चपटा करत पिठात घोळवा. तळहात लावायचा नाही, तो गरम असतो. दोन-तीन मिनिटांत काही कण रव्यासारखे आणि बरेचसे मटारच्या दाण्याएवढे दिसायला लागतात. तिथं थांबा. सगळं एकसारखं करायचा मोह होतो, कारण आपल्याला तशीच सवय आहे. पण एकसारखं झालं की पापुद्रे गेले. मध्येच बटर मऊ पडून बोटांना चिकटायला लागलं तर भांडं उचलून दहा मिनिटं फ्रीजमध्ये ठेवा.

आता पाणी. तीन मोठे चमचे बर्फाचं पाणी पिठावर शिंपडा, कपड्यांना इस्त्री करताना शिंपडतो तसं, एका जागी ओतू नका. काट्याच्या चमच्यानं हलवा. मग मूठभर पीठ दाबून बघा. मुटका झाला आणि सहज फुटला नाही, तर झालं. कोरडं भुरभुरत असेल तर अर्धा-अर्धा चमचा पाणी वाढवा. कणकेसारखा मऊ गोळा होईपर्यंत पाणी घातलंत तर जास्त झालं. मैद्यात पाणी पडलं आणि आपण तिंबत राहिलो की ग्लुटेनचे धागे तयार होतात. पोळीला ते हवेत, पारीला नकोत. त्यांनी पारी वातड होते आणि भाजताना आक्रसून टिनमध्ये खाली बसते. म्हणून मळू नका, फक्त गोळा करून दाबा, जाड भाकरीसारखी चकती करा, प्लॅस्टिकमध्ये गुंडाळून किमान एक तास फ्रीजमध्ये ठेवा. या तासाभरात पाणी सगळीकडं सारखं पोचतं आणि धागे सैलावतात. आदल्या रात्री करून ठेवली तर आणखी चांगलं.

लाटायला पोळपाट लहान पडतो, तीस सेंटिमीटरची पारी हवी असते. कडाप्प्याचा किंवा ग्रॅनाइटचा ओटा स्वच्छ पुसून त्यावरच लाटा. थंडीच्या दिवसांत सकाळी ओटा हाताला गार लागतो, पारीला तो बर्फाइतका उपयोगी पडतो. दुपारी तोच ओटा गॅसच्या उष्णतेनं कोमट झालेला असतो, म्हणून मी स्वयंपाक सुरू व्हायच्या आत पारी लाटून मोकळी होते. थोडा मैदा भुरभुरवा, मधून बाहेर लाटा, दोन-तीन लाटण्यांनंतर पारी पाव फेरा फिरवा. जाडी तीन मिलिमीटर, जाडसर पुरीएवढी. लाटताना पिठात बटरचे पिवळे चट्टे दिसायला हवेत. ते दिसले की मी निश्चिंत होते.

लाटण्यावर सैल गुंडाळून पारी टिनवर उलगडा. कोपऱ्यात ओढून बसवू नका, उचलून आत सोडा. ओढलेली पारी भाजताना परत आपल्या जागी यायला बघते. काठावर दोन सेंटिमीटर पीठ ठेवून बाकीचं कापा आणि काठ आत दुमडा. करंजीला मुरड घालता येत असेल तर तीच इथं घाला. मुरडीचा पाय देखणा दिसतो आणि काठ धरूनही राहतो. टिन अर्धा तास फ्रीजमध्ये.

पारी आधी अर्धी भाजून घ्या

बऱ्याच पाककृतींत कच्च्या पारीतच सारण भरतात. घरच्या छोट्या ओटीजीला, म्हणजे ओट्यावरच्या विजेच्या ओव्हनला, खालून जोर कमी असतो, त्यामुळं मी ते करत नाही. ओव्हन २०० अंशांवर पंधरा मिनिटं तापवा. गार पारीवर बटर पेपर घालून त्यावर अर्धा-पाऊण किलो कच्चा राजमा पसरा, काठापर्यंत. वजन नसेल तर पारी पुरीसारखी फुगते आणि कडा ढासळतात. अठरा-वीस मिनिटांनी राजमा आणि कागद काढा, काट्याच्या चमच्यानं तळाला टोचे मारा आणि आणखी सहा-सात मिनिटं भाजा. तळ कोरडा आणि फिकट बिस्किटी दिसला की बाहेर. हा राजमा नंतर शिजत नाही, पायपुरता वेगळ्या डब्यात ठेवा.

फळाचं येळवणी

सफरचंदं सोलून, बिया काढून सहा-सात मिलिमीटर जाडीच्या फोडी करा. फार पातळ केल्या तर मुरंबा होईल. साखर, लिंबू आणि मीठ लावून फोडी चाळणीत घाला, खाली पातेलं ठेवा आणि तासभर विसरून जा. साखर फळातलं पाणी ओढून बाहेर काढते. तासाभरानं पातेल्यात अर्धी वाटी रस जमलेला असेल आणि फोडी किंचित लवचिक झाल्या असतील. त्यामुळं त्या टिनमध्ये दाटीनं बसतात आणि भाजल्यावर सारण खाली बसून वर पोकळी राहत नाही.

हा रस टाकायचा नाही. येळवण्याची आपण आमटी करतो, तसा हा रस एक चमचा बटर घालून मंद आचेवर आटवा. बोटांनी तार काढायची नाही, फक्त तीन-चार चमचे उरेपर्यंत थांबायचं. रंग मधासारखा होतो आणि सफरचंदाचा वास दाट होऊन घरभर पसरतो. हा पाक गार करून फोडींवर परत ओता. चव सगळी परत आली, पाणी तेवढं उडून गेलं.

स्ट्रॉबेरीला मात्र आधी साखर लावू नका, ती तासाभरात गळून जाईल. भरायच्या अगदी आधी देठ काढून अर्ध्या करा आणि फोडींत मिसळा. त्याच वेळी कॉर्नफ्लोअर, दालचिनी आणि जायफळ. कॉर्नफ्लोअर घातल्यावर लगेच भरा.

चुरा आणि त्यातला गूळ

परदेशी पाककृतींत इथं ब्राऊन शुगर असते. कोल्हापुरात बसून ब्राऊन शुगरची पुडी शोधायची गरज नाही. शाहू महाराजांनी १८९५ साली शाहूपुरी पेठ वसवली ती गुळाच्या व्यापारासाठी, आणि कोल्हापुरी गुळाला २०१४ साली भौगोलिक मानांकन मिळालं. गुऱ्हाळं याच दिवसांत चालू असतात, म्हणजे नवा गूळ हाताशी असतो. पिवळाधमक गूळ टाळा, तांबूस-तपकिरी घ्या. त्याची खमंग चव भाजल्यावर खुलते.

अडचण पुन्हा पाण्याचीच. गुळात साखरेपेक्षा ओल जास्त असते. ओला गूळ चुऱ्यात गेला तर वितळून एका जागी वाहतो आणि गार झाल्यावर चिक्कीसारखा कडक थर होतो. म्हणून गूळ विळीवर बारीक चिरा किंवा किसा आणि ताटात पसरून पंख्याखाली तासभर सुकवा. कोरडी गूळ पावडर मिळाली तर हे काम वाचतं.

दोन्ही पिठं आणि गूळ एकत्र करा, थंड बटर बोटांनी चोळा. इथं पारीएवढं जपायला नको. शेवटी मिश्रणाची मूठ वळा आणि मोडा, वळा आणि मोडा. हरभऱ्याएवढे, सुपारीएवढे गड्डे राहिले पाहिजेत. नुसती भुकटी केली तर ती फळाच्या वाफेनं भिजून शिऱ्यासारखी होईल. काजू मिसळून हेही फ्रीजमध्ये ठेवा. दोन दिवस आधी केलं तरी चालतं.

भाजणं

अर्ध्या भाजलेल्या पारीत सारण दाबून भरा, मध्ये थोडं उंच. वरून चुरा पसरा, दाबू नका. ओव्हन १९० अंश, खालची-वरची दोन्ही कॉइल चालू, टिन खालच्या खाचेत. रस उतू गेला तर पडायला तळाच्या ट्रेवर फॉइल आधीच अंथरून ठेवा. पंचवीस मिनिटांनी बघा. गूळ साखरेपेक्षा लवकर काळा पडतो, चुरा बदामी झाला असेल तर वरून फॉइल सैल झाका आणि भाजत राहा.

एकूण पंचेचाळीस ते पंचावन्न मिनिटं लागतात, पण घड्याळापेक्षा बुडबुडे बघा. सुरुवातीला काठानं पातळ, फेसाळ रस उकळतो. नंतर पिठलं शिजताना येतात तसे जड, आळशी बुडबुडे काठाशी फुटायला लागतात. तसे दिसले म्हणजे कॉर्नफ्लोअर शिजलं. त्याच्याआधी बाहेर काढलेला पाय वरून कितीही सुंदर दिसला तरी आतून वाहणार. मध्ये सुरी घालून बघा, फोड अलगद चिरली जाऊन किंचित अडखळली पाहिजे.

ओटीजीचा काटा आणि आतलं तापमान यांत बऱ्याचदा फरक असतो. ओव्हनमध्ये ठेवायचा छोटा थर्मामीटर मिळतो, तो घ्या. आणि पंगतीच्या आठवडाभर आधी एकदा घरच्यांसाठी करून बघा. पाहुण्यांच्या दिवशी पहिला प्रयोग नको, हे मी कळकळीनं सांगते.

ओव्हनच नसेल तर? दिवाळीआधी रवा-मैद्याचे डबे घेऊन नानकटाई भाजायला बेकरीच्या भट्टीवर जायची आपल्याकडं जुनी रीत आहे. ओळखीच्या बेकरीत विचारून बघा. भट्टीची आच जास्त असते, तेव्हा सांगायचं की पाव निघून भट्टी उतरल्यावर ठेवा, आणि स्वतः थांबून बघायचं. कढईत मीठ तापवून वर टिन ठेवायची युक्ती केकला चालते, पायला नाही. वरून आच नसते, झाकणाची वाफ चुऱ्यावर ठिबकते.

आणि मग चार तास हात लावायचा नाही

माझ्या पहिल्या पायची दुसरी चूक ही होती. सगळे वाट बघत होते, वास सुटला होता, मी गरमच कापला. कॉर्नफ्लोअरनं बांधलेला रस गार होताना घट्ट होतो, गरम असताना तो पातळच असतो. टिन जाळीवर ठेवा, म्हणजे खालूनही हवा लागेल. ओट्यावर सपाट ठेवलात तर तळाशी वाफ कोंडून पारी भिजते. झाकण घालू नका, माशीची भीती असेल तर पातळ कापड टाका. गरम पाय फ्रीजमध्येही नको. खाताना कोमट हवा असेल तर आधी पूर्ण गार करा, मग १६० अंशांवर दहा मिनिटं परत ठेवा.

रात्री आठला पंगत असेल तर माझा दिवस असा जातो. आदल्या रात्री पारीचं पीठ आणि चुरा. सकाळी सातला, ओटा गार असताना लाटणं. अकरापर्यंत पारी अर्धी भाजून तयार, सफरचंद चाळणीत. दीडला पाय ओव्हनमध्ये, अडीचला बाहेर. मग रश्श्याकडं वळायला सगळी संध्याकाळ मोकळी.

दुसऱ्याच्या घरी न्यायचा असेल तर सकाळीच भाजा आणि पूर्ण गार झाल्यावर टिनसकट उंच काठाच्या डब्यात ठेवून न्या. गाडीवर मागं बसणाऱ्यानं डबा मांडीवर आडवा धरायचा, हँडलला पिशवीत लटकवायचा नाही. सोळा माणसांना एक पाय पुरत नाही. दुसरा लगेच लावण्यापेक्षा तेच सारण आणि दुप्पट चुरा चौकोनी ट्रेमध्ये घालून पारीशिवाय भाजा. मुलांना चुराच जास्त आवडतो.

दुसरी फळं घ्यायची असतील तर पेरू फार चांगला. बियांचा गाभा काढून टाका, आणि पेरूत पेक्टिन, म्हणजे रस आपोआप घट्ट करणारा फळातला घटक, भरपूर असतं म्हणून कॉर्नफ्लोअर दोनच चमचे. अननस आधी कढईत परतून त्याचं पाणी आटवल्याशिवाय भरू नका. मे महिन्याच्या सुट्टीत आंब्याचा करायचा म्हणाल तर पाडाचा, किंचित कच्चट आंबा घ्या, आणि पारी पहाटेच लाटा. त्या दिवसांत सकाळी नऊनंतर बटर हातात थांबत नाही.

वाढताना

सोबत व्हॅनिला आइस्क्रीम चालतं. मला मात्र दुधावरची गार, जाड साय बिनसाखरेची आवडते. तांबड्या रश्श्यानंतर जिभेला हवा असतो तो आंबटपणा आणि गारवा, आणखी साखर नको असते.

कापताना सुरी पातळ धारेची घ्या, चुरा करवतीसारखा हलक्या हातानं चिरा, मग एकदाच खालपर्यंत दाबा. पहिला तुकडा काढताना मोडतो. म्हणून दोन तुकड्यांच्या तिन्ही रेघा आधी पाडा, मधल्या रेघेतून उलथणं घालून एक सैल करा, मग दुसरा. उरलेला पाय एक रात्र बाहेर, जाळीखाली राहतो, त्यानंतर फ्रीजमध्ये दोन-तीन दिवस. परत गरम करताना मायक्रोवेव्ह नको, त्यात पारी लोळागोळा होते. ओटीजी किंवा जाड तवा, मंद आच, वर झाकण न घालता. आमच्या घरी दुसऱ्या दिवशी सकाळी काठाची मुरड तव्यावर शेकून चहाबरोबर आत्यासाठी ठेवलेली असते.